सर्जॅन गोलों नावाचा कुणी नव्हताच

बी.एड.च्या वर्षाला असताना कॉलेजमागच्या रद्दीच्या दुकानात मला एक इंग्रजी कादंबरी सापडली. कव्हर अर्धं फाटलेलं. जेवढं उरलं होतं त्यात एक सोनेरी केसांची गोरी बाई, आणि तिच्या मागे पगडीतला, डोळे वटारलेला सावळा पुरुष. होस्टेलवर रूममेटनं ते पाहिलं आणि म्हणाली, "ये क्या पढ़ रही है तू? मॅडमनं बघितलं तर?" मी वर्तमानपत्राचं कव्हर घातलं, वर 'शैक्षणिक मानसशास्त्र' असं लिहिलं आणि तीन रात्रींत पुस्तक संपवलं.

पगडीवाला म्हणजे मोरोक्कोचा सुलतान मौलाय इस्माईल. बाई म्हणजे आंजेलिक, चौदाव्या लुईच्या दरबारातली एक सरदारकन्या. हरवलेल्या नवऱ्याच्या शोधात ती समुद्रावर निघते, क्रीट बेटावरच्या गुलामांच्या बाजारात विकली जाते आणि शेवटी मेकनेसच्या जनानखान्यात पोचते. मला राग येत होता आणि पुस्तकही सोडवत नव्हतं. दोन्ही एकाच वेळी. लेखकाचं नाव होतं सर्जॅन गोलों. हा कुणीतरी पाईप ओढणारा, उत्तर आफ्रिकेत चाकरी करून परतलेला गोरा साहेब असणार, असं मी मनाशी ठरवून टाकलं. मग नोकरी, लग्न, मुलं. कादंबरी माळ्यावर गेली.

माझा तो साहेब अस्तित्वातच नव्हता, हे कळायला वीसेक वर्षं लागली. 'सर्जॅन' हे नाव इंग्रजी प्रकाशकांनी दोन नावं एकमेकांना चिकटवून तयार केलेलं होतं. सर्ज हा नवरा, आन ही बायको. आणि कादंबऱ्या लिहिणारा हात बायकोचा होता.

तिचं माहेरचं नाव सिमोन शांजो. जन्म १७ डिसेंबर १९२१, दक्षिण फ्रान्समधलं तूलों हे नौदलाचं बंदर. वडील नौदलात अधिकारी. अठराव्या वर्षीच तिनं पहिलं पुस्तक लिहिलं, ते १९४४ मध्ये जोएल दांतेर्न या टोपणनावानं आलं. मधली वर्षं जर्मन ताब्यातल्या फ्रान्सची. त्या काळात ही मुलगी सायकलवर टांग टाकून स्पेनच्या सरहद्दीपर्यंत गेली होती, वाटेत जर्मनांनी तिला अडवलंही होतं. घोड्यावरून, गाडीतून, पायी, मिळेल त्या साधनानं पळणारी आणि पकडली गेली तरी पुन्हा निसटणारी आंजेलिक कुठून आली असेल, याचा अंदाज इथेच येतो.

युद्धानंतर तिनं पत्रकारिता केली, चित्रपटांसाठी लिहिलं. किशोरांसाठी लिहिलेल्या एका पुस्तकाला बक्षीस मिळालं, त्या पैशातून ती आफ्रिकेत गेली. तेव्हाच्या फ्रेंच काँगोत तिची गाठ पडली व्सेवोलोद गोलुबिनोव्ह या माणसाशी. वयानं तिच्याहून अठरा वर्षांनी मोठा, पेशानं भूगर्भशास्त्रज्ञ, जमिनीच्या पोटातली खनिजं हुडकत फिरणारा. जन्म बुखाऱ्याचा, १९०३ सालचा. बुखारा म्हटलं की आपल्या डोळ्यांसमोर इमाम बुखारी येतात. हा मात्र तिथे जन्मलेला रशियन उमराव घराण्यातला मुलगा. वडील झारच्या परराष्ट्र खात्यात, त्यामुळे बालपणाचा काही काळ इस्फहानमध्ये गेलेला. क्रांतीनंतर देश सुटला आणि तो फ्रान्सला आला. १९४८ मध्ये दोघांनी लग्न केलं. त्याचंच नाव पुढे सर्ज गोलों झालं.

काँगोतून परतल्यावर संसार व्हर्सायला मांडला. पैशांची चणचण होती. साम्राज्य आटत चाललेलं, खनिजं शोधणाऱ्याला काम मिळेना. तेव्हा दोघांनी ठरवलं की ऐतिहासिक कादंबरी लिहायची. व्हर्सायच्या ग्रंथालयात दोघं जाऊन बसत. सतराव्या शतकातले कपडे, जेवण, औषधं, कर, खटले, सगळ्याची टिपणं निघत. सर्जचा वाटा संशोधनाचा, लिहायची ती. पहिल्या खंडाला तीनेक वर्षं लागली. आंजेलिकचा नवरा जोफ्रे द पेराक हा तुलूजचा लंगडा, चेहऱ्यावर व्रण असलेला, पण विद्वान सरदार. खाणीतून सोनं-चांदी वेगळी काढण्याची विद्या त्याला येते, आणि त्याच विद्येपायी त्याच्यावर जादूटोण्याचा आरोप ठेवून खटला चालतो. या जोफ्रेमध्ये सर्ज किती उतरलाय हे वेगळं सांगायला नको.

पुस्तक आधी फ्रान्समध्ये आलंच नाही. १९५६ मध्ये ते जर्मनीत निघालं, फ्रेंचमध्ये १९५७ ला. आणि नावाची गोची तिथेच झाली. इतक्या जाड, इतक्या अभ्यासाच्या पुस्तकावर एकट्या बाईचं नाव प्रकाशनधंद्यातल्या लोकांना रुचेना. पुरुषाचं नाव असलं की ग्रंथाला वजन येतं! फ्रान्समध्ये 'आन आणि सर्ज गोलों' झालं, इंग्रजीत दोघांचा मिळून एकच 'सर्जॅन'.

फ्रेंच वाङ्मयात ही रीत जुनीच. ओरोर द्यूपां 'जॉर्ज सांद' झाली. कोलेतच्या पहिल्या 'क्लोदीन' कादंबऱ्या १९०० पासून तिच्या नवऱ्याच्या, विलीच्या नावावर खपल्या. प्रेमकथांच्या बाजारात तर हे सर्रास चाले. विसाव्या शतकाच्या पूर्वार्धात फ्रान्समधल्या मुली ज्या 'देली'च्या कादंबऱ्या उशाखाली लपवून वाचत, तो देली म्हणजे एक अविवाहित बहीण आणि तिचा भाऊ. माक्स द्यू व्हझी हे भारदस्त नाव लावणारी लेखिका खरं तर आल्फोंसीन वाव्हासर नावाची बाई होती. आनच्या बाबतीत फरक इतकाच की तिच्या नवऱ्यानं काही हिसकावलं नव्हतं. सर्ज पुढे चित्रकलेकडे वळला, अमेरिका-कॅनडातल्या भागांसाठी तिच्याबरोबर तिकडे हिंडला आणि १९७२ मध्ये कॅनडातच गेला. त्यानंतरही १९८५ पर्यंत नवे खंड येतच राहिले, एकूण तेरा झाले. लिहिणारं कोण होतं याला आणखी पुरावा कशाला हवा? पण पहिल्या खंडावर चिकटलेलं नाव निघता निघेना.

हे वाचताना मला आमच्या एका जुन्या शाळेची स्मरणिका आठवली. पन्नास वर्षांचा इतिहास मी लिहिला होता. जुने हजेरीपट चाळून, म्हाताऱ्या माणसांच्या घरी चहा पिऊन. उर्दूत एकदा, मराठीत एकदा. छापून आला तेव्हा वर नाव दुसऱ्याच एका मोठ्या माणसाचं, आणि शेवटी बारीक अक्षरात 'टंकलेखन सहाय्य' म्हणून माझं. टंकलेखन मी केलंच नव्हतं. ते असो.

आता मौलाय इस्माईलकडे येऊ, कारण खरं कुतूहल मला तिथेच होतं.

हा माणूस कल्पनेतला नाही. १६७२ ते १७२७, पंचावन्न वर्षं त्यानं मोरोक्कोवर राज्य केलं. सुरुवातीची पस्तीस वर्षं इकडे आपल्याकडे औरंगजेबाची आहेत, म्हणजे काळाची कल्पना येईल. मेकनेसला त्यानं नवी राजधानी बांधली, तिचे दरवाजे आजही लोक बघायला जातात. लाराश हे बंदर त्यानं स्पॅनिशांकडून परत घेतलं, टँजिअरला वेढा घालून इंग्रजांना ते सोडायला लावलं. आणि हो, त्याच्याकडे हजारो ख्रिस्ती कैदी होते, समुद्रात पकडलेले, मेकनेसच्या बांधकामावर राबणारे. जेर्मां मुएत नावाचा फ्रेंच माणूस १६७० ते १६८१ अशी अकरा वर्षं मोरोक्कोत गुलाम होता, सुटल्यावर त्यानं पुस्तक लिहिलं. कैद्यांना सोडवायला गेलेल्या ब्यूस्नो या पाद्र्यानं १७१४ मध्ये सुलतानाच्या कारकिर्दीवर ग्रंथ छापला. असल्या लिखाणातूनच युरोपचा मौलाय इस्माईल घडला आणि गोलोंचाही.

अशा वेळी आपल्याकडे एक सवय आहे. कुणी मुस्लिम राजाला क्रूर म्हटलं की आपण लगेच वकीलपत्र घेतो. अब्दुल हलीम शरर यांनी वॉल्टर स्कॉटची क्रुसेडवरची कादंबरी वाचली आणि चिडून उत्तरादाखल 'मलिकुल अझीझ वर्जीना' लिहिली. तिथून उर्दूत ऐतिहासिक कादंबरीची लाटच आली. मी ती सगळी आवडीनं वाचली आहे. पण मौलाय इस्माईलचं वकीलपत्र मी घेणार नाही, आणि त्याला कारण एक मुसलमान आलिमच आहे.

सुलतानानं काळ्या सैनिकांची मोठी फौज उभारली. सहीह बुखारीवर हात ठेवून शपथ घ्यायची, म्हणून तिचं नाव 'अबीद अल-बुखारी'. अबीद म्हणजे गुलाम. पुरेसे गुलाम मिळेनात तेव्हा देशातल्या स्वतंत्र काळ्या माणसांनाही, जे पिढ्यान्‌पिढ्या मुसलमान होते त्यांनाही, त्यानं पकडून गुलामांच्या यादीत घातलं. फासच्या उलेमांकडून त्यावर संमतीच्या सह्या मागितल्या. काहींनी दिल्या. अब्दुस्सलाम जसूस या आलिमानं नकार दिला. आझाद मुसलमानाला गुलाम करता येत नाही, ही त्याची भूमिका. त्याची मालमत्ता गेली, त्याला बाजारात फिरवून अपमानित केलं, आणि १७०९ मध्ये तुरुंगात ठार मारलं. तेरा खंडांच्या आंजेलिकेत याला जागा नाही. आपल्या उर्दू कादंबऱ्यांतही मला हा माणूस भेटला नाही.

गोलोंचं एक मात्र कबूल करायला हवं. जनानखान्याचा प्रमुख उस्मान फराजी हे पात्र तिनं मनापासून लिहिलंय. काळा, नपुंसक केलेला, पण शहाणा, दूरदृष्टीचा, राजकारण जाणणारा माणूस. कव्हरवर तो कुठेच नाही, पुस्तकात मात्र सुलतानापेक्षा तोच लक्षात राहतो.

नाण्याची दुसरी बाजू मार्सेयच्या बंदरात होती. चौदाव्या लुईच्या गॅल्या, म्हणजे वल्ह्यांनी चालवायची लढाऊ जहाजं, चालायच्या साखळदंडातल्या माणसांवर. त्यात फ्रेंच गुन्हेगार असत, आणि 'तुर्क' असत. तुर्क म्हणजे तुर्कस्तानचेच असं नाही. मुसलमान दिसला की तो तुर्क, मग अल्जेरियाचा असो की मोरोक्कोचा. मंत्री कोल्बेरच्या हुकमानं माल्टा आणि लिव्होर्नोच्या बाजारातून ही माणसं विकत घेतली जात. (याच कोल्बेरनं १६६४ मध्ये फ्रेंच ईस्ट इंडिया कंपनी काढली, ज्या वर्षी शिवाजी महाराजांनी सुरत लुटली. चारच वर्षांत त्या कंपनीची वखार सुरतेत उभी होती.) आंजेलिकचा प्रवास अशाच एका शाही गॅलीवरून सुरू होतो आणि वल्हेकऱ्यांचे हाल तिथे दिसतात, हेही न्यायानं सांगायला हवं.

मौलाय इस्माईलनं आपली माणसं परत मागितली होती. १६९८ च्या अखेरीस त्याचा वकील अब्दुल्ला बिन आयशा फ्रान्समध्ये उतरला, पुढच्या फेब्रुवारीत लुईसमोर हजर झाला. हा गृहस्थ सले बंदराचा दर्यासारंग, तरुणपणी इंग्रजांच्या कैदेत राहून आलेला. पॅरिस त्याच्या हजरजबाबीपणावर खूश झालं. कैद्यांची अदलाबदल मात्र झाली नाही. फ्रान्सला आपली माणसं हवी होती, पण धडधाकट मोरोक्कन वल्हेकरी सोडायचे नव्हते. परत गेल्यावर वकिलानं राजाच्या एका मुलीचं, कोंतीच्या विधवा राणीसाहेबांचं, इतकं कौतुक केलं की सुलतानानं तिला रीतसर मागणी घातली! दरबारात हसून हसून पुरेवाट झाली, त्यावर कवनं रचली गेली. इतिहासाच्या पुस्तकांत हा विनोद हमखास येतो. वल्ह्याला बांधलेली माणसं क्वचित येतात.

त्याच वल्ह्यांवर आणखी एक जमात होती. १६८५ मध्ये लुईनं प्रॉटेस्टंट फ्रेंचांचं, ह्यूगेनोंचं, धर्मस्वातंत्र्य काढून घेतलं. त्याआधीच त्यांच्या घरांत सैनिक घुसवून धर्म बदलायला लावणं सुरू झालं होतं. देश सोडून पळताना सापडलेल्या पुरुषांना गॅलीवर पाठवत. मालिकेच्या पुढच्या भागांत आंजेलिक ला रोशेलच्या ह्यूगेनोंबरोबर राहते, त्यांना समुद्रापार न्यायला धडपडते. मला विचाराल तर ते भाग मेकनेसपेक्षा सरस आहेत. बहुसंख्याकांच्या देशात अल्पसंख्याकाचं दार रात्री वाजतं तेव्हा घरात काय होतं, ते तिनं बारकाईनं लिहिलंय.

जां मार्तेय नावाचा ह्यूगेनो तरुण १७०१ मध्ये गॅलीवर गेला आणि १७१३ मध्ये सुटला. त्याच्या आठवणी छापल्या आहेत. बाहेरचे धर्मबांधव कैद्यांसाठी चोरून पैसे पाठवत. ते पोचवणं धोक्याचं, सापडलं तर पाठ सोलून निघायची. हे काम कोण करत असे? गॅलीवरचे 'तुर्क'. त्यांना बंदरात थोडं फिरायची मुभा असे. मार्तेय लिहितो की त्यांनी मोबदला घेतला नाही, पैसा इकडचा तिकडे होऊ दिला नाही, हे पुण्याचं काम समजून केलं. त्यातल्या एकाचं नाव यूसुफ होतं. तो एका लढाईत मेला, तर त्याच्या जागी काम करायला दुसरे पुढे आले. मी हे वाचलं तेव्हा रात्रीचे बारा वाजले होते. पुस्तक मिटून थोडा वेळ नुसतीच बसले.

सुलतानाच्या जनानखान्याचा तो खंड, 'अदम्य आंजेलिक', फ्रेंचमध्ये १९६० मध्ये आला. पहिल्या वाचनात मी या सालाकडे लक्ष दिलं नव्हतं. त्या वर्षी फ्रान्सचं अल्जेरियाशी युद्ध जोरात होतं. फेब्रुवारी १९६० मध्ये अल्जिअर्समध्ये जमीला बूपाशा नावाची बावीस वर्षांची मुलगी फ्रेंच सैनिकांनी पकडली. बॉम्ब ठेवल्याचा आरोप. कैदेत तिचा अनन्वित छळ झाला, बलात्कार झाला. वकील जिझेल हालिमी तिच्या बाजूनं उभी राहिली. सिमोन द बोव्हारनं जूनमध्ये 'ल मोंद'मध्ये लेख लिहिला तेव्हा फ्रान्सभर खळबळ माजली आणि सरकारनं त्या अंकाच्या अल्जिअर्समधल्या प्रती जप्त केल्या. पिकासोनं तिचं चित्र काढलं. १९६२ मध्ये ती सुटली.

म्हणजे ज्या वर्षी लाखो फ्रेंच वाचक मगरिबच्या कोठडीत चाबूक खाणाऱ्या गोऱ्या आंजेलिकसाठी अश्रू ढाळत होते, त्याच वर्षी मगरिबच्या खऱ्या कोठडीत एक खरी मुलगी होती, आणि चाबूक फ्रेंच होता. यात आन गोलोंचा दोष आहे असं मी म्हणत नाही. तिनं ते पुस्तक जमीला पकडली जाण्याआधीच लिहायला घेतलं असणार. वाचकाला मात्र एक गोष्ट सोपी गेली आणि दुसरी वाचायलाच नको होती.

चित्रपटांनी हे आणखी भडक केलं. १९६४ ते १९६८ दरम्यान बेर्नार बोर्दरीनं पाच काढले, आंजेलिकच्या भूमिकेत मिशेल मर्सिए. शेवटच्यात सुलतान झाला अली बिन अय्याद, ट्युनिसच्या रंगभूमीवरचा नामांकित नट आणि दिग्दर्शक, अरबीत शेक्सपिअर करणारा. फ्रेंच पडद्यावर त्याच्या वाट्याला आलं ते डोळे वटारणं. मर्सिएचंही फार बरं झालं नाही. दुसरी भूमिका मिळेना, आणि शेवटी तिनं आठवणींच्या पुस्तकाला 'मी आंजेलिक नाही' अशा अर्थाचं नाव दिलं.

पुस्तकं जगभर गेली. पंधरा कोटी प्रती खपल्याचा आकडा सांगितला जातो. पण लेखिकेच्या हातात हक्कच उरले नव्हते. तिच्या मते मजकूरही ठिकठिकाणी कापला, बदलला होता. आशेत या बड्या प्रकाशनसंस्थेशी तिचा कज्जा सुमारे दहा वर्षं चालला. २००४ च्या अखेरीस हक्क परत तिच्याकडे आले, तेव्हा ती त्र्याऐंशी वर्षांची होती. या वयात माणूस पैसे मोजून गप्प बसेल. तिनं पहिल्या खंडापासून सगळी मालिका पुन्हा लिहायला घेतली. कापलेलं परत जोडायचं, चुकलेलं दुरुस्त करायचं. या नव्या आवृत्तीवर नाव एकच होतं, आन गोलों. ते काम पुरं झालं नाही. १४ जुलै २०१७ ला, बास्तीयच्या दिवशी, व्हर्सायमध्ये ती गेली. पंच्याण्णव वर्षांची होती.

गेल्या सुट्टीत माळ्यावरून माझी प्रत खाली काढली. वर्तमानपत्राचं कव्हर पिवळं पडून चुरा झालंय, 'शैक्षणिक मानसशास्त्र' अजून वाचता येतं. दहावीतल्या एका मुलीनं ते हातात घेऊन विचारलं, "मॅम, ये किसने लिखी?" आतलं पान उघडून मी 'सर्जॅन'मधला मागचा अर्धा भाग बोटानं दाखवला. ती म्हणाली, "तो आगे वाला कौन है?" म्हटलं, बस, बताती हूँ. आणि तास बुडाला.